डावीकडे बघा

माझ्या पडद्यावरचं इंग्लंड अचानक काळं पडलं.

पहिलाच दिवस होता माझा. चेन्नईत अंबत्तूरच्या इंडस्ट्रियल इस्टेटमधली एक इमारत, चौथा मजला, काचेची खुराड्याएवढी खोली, कानावर हेडफोन, समोर माइक... आणि माइकच्या त्या टोकाला, पार तिकडे ऑक्सफर्डच्या पुढं, एका बसमध्ये बसलेली पुण्या-कोल्हापूरची चाळीसेक माणसं. त्यांच्या कानात माझा आवाज. बसच्या पुढच्या काचेवरचा कॅमेरा मला रस्ता दाखवणार आणि मी त्यांना मराठीत सांगणार, डावीकडे बघा, उजवीकडे बघा. लंडनहून निघून खेडी बघत एका दिवसात परत, अशी ती सहल. नोकरी म्हणजे एवढंच. इंग्लंडचं खेडं सोडा, माझ्याकडे पासपोर्टसुद्धा नव्हता.

आणि आता पडदाही नव्हता.

"तर मंडळी, डावीकडे बघा..." मी म्हणाले आणि थांबले. डावीकडे काय असेल? देवा रे, काय असेल? "डावीकडे एक... एक सुंदर चर्च आहे."

"चर्च? कुठाय चर्च?" कानात एक काका. प्रश्न विचारायचं बटण प्रत्येकाच्या हातात असायचं, आणि आपली माणसं ते सोडतात होय! "इथं पेट्रोल पंप आहे अहो!"

तेवढ्यात शेजारच्या काचेवर टकटक झाली.

पलीकडच्या खोलीतला मुलगा. उंच, सावळा, चष्मा घसरलेला. त्यानं माझ्या काळ्या पडद्याकडे बघितलं, हेडफोन काढला आणि सरळ माझ्या खोलीत आला. माझ्या खुर्चीमागं उभा राहून खाली वाकला आणि अगदी हळू म्हणाला, "भिऊं नका. माझी बस तुमच्या पुढें आहे. दहा मिनिटं झालीं, मी आतांच तिथून गेलों. आतां चढ लागेल. डावे बाजूस मेंढरं. पुष्कळ मेंढरं."

मी वळून बघतच राहिले. त्याच्या बसमध्ये कोइंबतूरची आणि मदुरैची माणसं होती. त्याला दिवसभर तमिळमध्ये बोलताना मी काचेतून बघितलं होतं.

"अय्या! तुम्हाला मराठी येतं?"

"येतं की!" कानात पाच-सहा जण एकदम. "आम्ही मराठीच आहोत, ताई!"

त्यानं बोट खाली केलं. माझ्या पायाकडे. तिथं एक पेडल होतं. दाबलं की माइक चालू, पाय उचलला की बंद. ट्रेनिंगमध्ये शंभरदा सांगितलं होतं. मी पाय उचलला आणि तोंडावर हात धरून खुदकन हसले. तोही हसला, पण जरा उशिरानं, मी हसतेय ते कशाला याची आधी खात्री करून घेतल्यासारखा.

"डावे बाजूस मेंढरं," मी त्याची नक्कल केली. "कुठली हो ही मराठी? नाटकातली?"

"घरची," तो म्हणाला आणि गेला.

हे मी बोलायला नको होतं. पण ते मला फार उशिरा कळलं.

त्याचं नाव राघोत्तम. तंजावरकडचे हे लोक. यांच्या घरचं कुणीतरी साडेतीनशे वर्षांपूर्वी इकडं फौजेबरोबर आलं ते आलंच. आता निम्मं घर इथं चेन्नईत अण्णा नगरात, निम्मं तंजावरात, आणि घरात अजून मराठीच.

"आमची अम्मा मज मराठींतच रागें भरते," खाली चहाच्या टपरीवर कापीचा, म्हणजे इकडच्या कॉफीचा, ग्लास फुंकत त्यानं सांगितलं होतं. "तमिळ तिला फक्त भाजीवाल्याशीं लागतें."

"आणि लाड कुठल्या भाषेत करते?"

"लाड?" तो विचारात पडला. "वाढतांना. बोलत नाहीं, वाढते."

"अच्छा! म्हणजे न बोलणं तुमच्याकडे घराण्यातच आहे."

तो लाल झाला. सावळा माणूस लाल होतो का? होतो, मी बघितलंय. कानाच्या पाळ्या होतात.

तेव्हापासून आमचं कामच असं झालं की त्याची बस पुढं आणि माझी मागं. एकाच हॉटेलातून दोन्ही निघायच्या, दहा मिनिटांच्या अंतरानं. मला जे दिसणार ते त्याला आधी दिसायचं. मग काचेवर टकटक आणि हातवारे. दोन हात डोक्यावर कानांसारखे म्हणजे मेंढ्या आडव्या आल्यात. बोटं वरून खाली म्हणजे पुढं पाऊस. दोन्ही हात छातीशी आवळून दात वाजवले की खाली उतरणाऱ्यांना स्वेटर घालायला सांग. आणि दोनदा टकटक करून जमिनीकडे बोट, म्हणजे बाई, पाय! पेडल!

हे शेवटचं रोज व्हायचं. कारण मी रोज दमलेली असायचे.

खरंच सांगते, दमणं काय असतं हे मला त्या नोकरीनं शिकवलं. दुपारी घामानं निथळत बसमधून उतरायचं, आत आलं की एसीत कुडकुडायचं. तिथली सकाळ सुरू व्हायची आमच्या दुपारी. मग घसा बसेपर्यंत बोलायचं. मधाच्या रंगाचा दगड, गवताची छपरं, छोटी छोटी दारं, दारावर गुलाब. रोज तेच. 'सुंदर' हा शब्द तर मी इतक्यांदा बोलले असेन की मला त्याचा वीट आला होता. रात्री खोलीवर जाऊन दहीभात गिळायचा आणि पडायचं. आईचा फोन यायचा कराडहून. "देविका, अगं, आवाज असा काय गं तुझा?" मी म्हणायचे, "आई, आवाज विकून आलेय. उरलेला हा आहे."

अशात सुख काय होतं, तर ती काच. माझे ओठ हलताहेत, त्याचेही हलताहेत. मी मराठीत 'पूल', तो तमिळमध्ये 'पालम'. दहा मिनिटांच्या फरकानं आम्ही रोज एकाच गावात असायचो. ओढ्याकाठचं एक गाव होतं, बुटक्या दगडी पुलांचं. त्याचं इंग्रजी नाव लांबलचक, म्हणून आम्ही त्याला 'पुलांचं गाव' म्हणायचो. तिथं जेवणाची सुट्टी असायची. माणसं खाली उतरायची आणि आम्हाला अर्धा तास मिळायचा.

एकदा अशाच सुट्टीत त्यानं विचारलं होतं, "आपण दोघं त्या गावीं किती वेळां गेलों असूं?"

"रोज जातो की."

"आणि इथें मरीनाच्या समुद्रावर?"

"एकदाही नाही." मी त्याच्याकडे रोखून बघितलं. "कुणी नेलंच नाही."

त्यानं चष्मा वर केला. तोंड उघडलं... आता बोलेल, आता बोलेल... आणि घड्याळाकडे बघून म्हणाला, "बस निघेल आतां."

असा राग आला म्हणता! कागदाचा कप मी इतका चुरगाळला की उरलेली कापी ओढणीवर सांडली.

हे असं किती दिवस चालावं? त्याला मी आवडत होते, हे त्या मजल्यावरच्या सगळ्यांना दिसत होतं. माझ्यासाठी आईच्या डब्यातली भाजी वेगळी काढून आणायचा. मी खोकले की त्याच्या खोलीतून गरम पाण्याची बाटली यायची. पण बोलायचं म्हटलं की कुलूप. आणि मी? मी दिवसभर बोलून बोलून इतकी थकलेली असायचे की मला वाटायचं, हे एवढं तरी दुसऱ्या कुणी बोलावं. हे एक वाक्य माझ्या वाट्याला नको.

शेवटी मी राजीनामा दिला. घसा, झोप, आईचा धोशा, सगळंच. त्याला सांगितलं तेव्हा आम्ही जिन्यात होतो.

"मी चाललेय, राघोत्तम. कराडला. कायमची."

त्यानं चष्मा वर केला. मग म्हणाला, "सेरि."

बस. 'सेरि.' म्हणजे 'बरं'. दुकानदाराला सुटे नाहीत म्हणून सांगितलं तर तो म्हणेल तसं 'बरं'. मी जिना उतरून गेले, आणि बसस्टॉपवर उभी राहून रडले. एक अक्का गजरे विकत होती, तिनं काही न विचारता एक गजरा माझ्या हातात ठेवला. त्यानं तर आणखीच रडू आलं.

आणि मग तो दिवस आला, माझ्या शेवटच्या सहलीचा.

मी मनाशी पक्कं ठरवलं होतं. मोटारवे लागेपर्यंत थांबायचं. परतीच्या वाटेवर मोठा रस्ता लागला की बसमधली सगळी झोपतात आणि माझं काम संपतं. तोवर हा बोलला तर बोलला. नाही बोलला तर कानावरचा हेडफोन काढायचा, उठायचं, आणि काचेकडे न बघता निघून जायचं. मी आधी बोलणार नाही म्हणजे नाही.

बाहेर चेन्नईत जीव घेणारं ऊन होतं आणि पडद्यावर धो धो पाऊस. राघोत्तमनं बस सुटल्यापासून बोटं वरून खाली, वरून खाली करून माझं डोकं उठवलं होतं. दिसतोय रे बाबा पाऊस!

"मंडळी, डावीकडे बघा... म्हणजे काच पुसा आणि बघा," मी म्हणाले.

"काय बघायचं गं? वायपर?" ह्या अलकनंदाबाई. नाशिकच्या निवृत्त मुख्याध्यापिका, पहिल्या रांगेत बसलेल्या, आणि सकाळपासून बटणावरचा अंगठा न काढलेल्या. "मुली, आज तुझा आवाज का पडलाय? जेवलीस का?"

"जेवले हो, काकू."

"खोटं बोलतेस. मी बत्तीस वर्षं पोरींना ओळखत आलेय."

काय सांगणार? मी म्हटलं, "आज माझी शेवटची सहल आहे, काकू. उद्यापासून दुसरी ताई येईल."

"आणि तू?"

"मी झोपणार. महिनाभर."

बस हसली. एक काका म्हणाले, "आम्ही आत्ताच झोपतोय की!" मग सगळ्यांनी थोडा वेळ मला सोडलं.

पुलांच्या गावात पोचलो तेव्हा पाऊस इतका होता की बसमधून कुणी उतरायला तयार होईना. ड्रायव्हरनं बस कडेला लावली. पडद्यावर ओढा फुगलेला, पूल भिजत पडलेले, एक बदक तेवढं मजेत. बसमध्ये पिशव्यांच्या चेन उघडल्याचे आवाज आले. ठेपले, चिवडा, लोणचं. मी म्हटलं, "मग मंडळी, निवांत जेवा. अर्ध्या तासानं भेटू." हेडफोन काढून टेबलावर ठेवला, चपला कधीच्या काढल्या होत्या, पाय गारठले होते, तेही ठेवले जिथं ठेवायचे तिथं, आणि डोकं खुर्चीला टेकून डोळे मिटले.

दार उघडल्याचा आवाज आला.

राघोत्तम. हातात दोन ग्लास कापी. एरवी तो काचेपलीकडून खुणावून मग यायचा. आज सरळ आत आला.

"कापी."

"नको."

"घशाला बरी पडेल."

"घशाला बरी पडून करू काय? उद्यापासून बोलायचंच नाहीये मला." मी डोळे उघडले नाहीत.

तो उभाच राहिला. त्याचा श्वास ऐकू येत होता. मी मनात म्हणत होते, बोल. बोल ना रे. आता नाही तर कधी?

"तुझी गाडी रविवारीं ना?" तो म्हणाला.

"हो."

"सामान जास्ती आहे?"

"आहे थोडं."

"मग मी ऑटो बोलावून देऊं?"

संपलं. माझं सगळं संपलं तिथं. ठरवलेलं बिरवलेलं उडून गेलं. मी ताडकन सरळ बसले.

"ऑटो? ऑटो बोलावून देणार तू मला? मूर्खा! अरे, मी चाललेय! रोज दहा तास त्या काचेतून तुझं तोंड बघत बसते मी, ते काय मेंढ्यांसाठी? मला आवडतोस तू! प्रेम आहे माझं तुझ्यावर, आणि तू मला ऑटो बोलावून देतोस! घे, बोलले मीच. तेही मीच बोलायचं होतं. दमलेय रे मी बोलून बोलून... एक वाक्य, एक वाक्य तरी तुला बोलता आलं नाही?"

माझा आवाज शेवटी फाटला. डोळ्यांतून पाणी गळत होतं आणि ते पुसायचाही कंटाळा आला होता.

त्यानं मान खाली घातली. बराच वेळ तो जमिनीकडे बघत होता. मला वाटलं, झालं, आता हा 'सेरि' म्हणणार आणि मी हा ग्लास याच्या डोक्यावर ओतणार.

त्यानं दोन्ही ग्लास टेबलावर ठेवले. मग हळूच खाली वाकला, अगदी पहिल्या दिवशी वाकला होता तसा. फक्त माझ्या कानाशी नाही, थोडा पुढं.

"मज बोलतां येतें," तो म्हणाला. नेहमीसारखा हळू नाही, मोठ्यानं, एकेक शब्द नीट उचलून. "तमिळांत येतें, इंग्रजींत येतें. पण ही गोष्ट मज मराठींतच सांगायची होती. आणि माझी मराठी घरची. पहिले दिवशीं तूं हसलीस. वाईट हसलीस नाहींस, ठाऊक आहे. पण मज वाटलें, मी मनांतलें सांगीन आणि तूं म्हणशील, नाटकांतलें बोलतो हा. म्हणून भ्यालों. तूं जातें म्हणालीस तेव्हां 'सेरि' म्हटलें. कां, तर दुसरा शब्दच आला नाहीं तोंडांत. घरीं जाऊन पुष्कळ आले. अम्मानें ऐकले सगळे."

मी त्याच्याकडे बघतच होते. हसू कुठलं येतंय!

"मज तूं आवडतेस, देविका. लई दिवस झाले. तूं दमलीस, घरीं जा, झोंप. मी अडवणार नाहीं. पण मज तुझ्यासंगें राहायचें आहे. तूं परत ये. नाहीं आलीस तर मी येतों तिकडें. ऑटो बोलावतों म्हटलें तें... अगे, तें तुज स्टेशनापर्यंत सोडायला मीही बसलों असतों त्यांत."

मी काही बोलणार एवढ्यात टेबलावरच्या हेडफोनमधून कसलातरी आवाज आला. बारीक, खरखरीत. पाऊस वाटला आधी. मग कळलं... टाळ्या. चाळीस माणसांच्या टाळ्या.

मी खाली बघितलं. माझा उजवा पाय, अनवाणी, थकलेला, आरामात पेडलवर पसरलेला.

"अगं आई गं!" मी पाय असा उचलला की गुडघा टेबलावर आपटला. "किती वेळ... सगळं? सगळं गेलं?"

"सगळें," राघोत्तम म्हणाला.

"तुला कधी कळलं?"

"तूं 'मूर्खा' म्हणालीस तेव्हां. मी मान खालीं घातली तर पाय दिसला."

"मग सांगायचं ना! रोज काच बडवून सांगतोस, आज काय झालं होतं? आणि वर तू एवढं... तू माइकसमोर वाकून बोललास! मुद्दाम!"

"मुद्दाम," त्यानं कबूल केलं. कानाच्या पाळ्या लालभडक झाल्या होत्या. "तुझें त्यांनीं सगळ्यांनीं ऐकलें होतें. मग मी माझें तुझ्या कानांत सांगायचें? तें बरोबर नव्हें. तूं चार लोकांत बोललीस, मीही चार लोकांतच बोलायला पाहिजे."

मी त्याचा हात धरला. इतके दिवस काचेपलीकडे हलताना बघितलेला हात, तो गरम होता, कापीच्या ग्लासामुळं. मला इतकं बरं वाटलं की मी परत रडायला लागले.

हेडफोन नुसता ठणाणा करत होता. शेवटी तो उचलून कानाला लावावाच लागला.

"मुली!" अलकनंदाबाई. "मुली, ऐकतेयस का? मुलगा सोन्यासारखा आहे. हो म्हण!"

"काकू, अहो..."

"अहो काय? आम्ही पावसात अडकलोय, आम्हाला दुसरं काम नाहीये. हो म्हणाल्याशिवाय बस हलणार नाही, मी ड्रायव्हरला सांगितलंय."

"त्याला काय कळतंय मराठी?" मागून कुणी काका.

"खुणेनं सांगितलंय!"

मी राघोत्तमकडे बघितलं. मग जाणूनबुजून, नीट बघून, पेडलवर पाय ठेवला. "हो," मी म्हणाले. "हो, हो, हो. झालं? आता जेवा बघू."

काय गलका झाला! कुणीतरी लाडू वाटल्याचं ऐकू आलं. आमच्या श्रीदेवी मॅडम काचेबाहेर येऊन उभ्या राहिल्या आणि तोंडाचा चंबू करून विचारू लागल्या, काय चाललंय? त्या आमच्या वरिष्ठ, सगळ्या बसचं बोलणं त्यांना ऐकू जातं. पण मराठी त्यांना ओ की ठो कळत नाही, म्हणून मी वाचले. राघोत्तमनं दोन्ही हात डोक्यावर कानांसारखे धरून दाखवले. मेंढ्या. मॅडम मान डोलावून निघून गेल्या.

तोही धावला, त्याची बस सुटत होती. दहा मिनिटांनी माझी सुटली.

पुढचा सगळा रस्ता मी काय सांगितलं मला आठवत नाही. चर्चला वाडा म्हणाले असेन, वाड्याला शाळा. कुणी चूक काढली नाही. काचेवर टकटक झाली की मी बघायचे. मेंढ्या नाहीत, पाऊस नाही, काही नाही. नुसताच बघत असायचा.

मोटारवे लागला. बसमधले दिवे मंदावले. अलकनंदाबाई तेवढ्या जाग्या होत्या. "येते हं मुली," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "तू आम्हाला दिवसभर इंग्लंड दाखवलंस, पण आम्ही घरी जाऊन सांगणार ते तुमचंच." मी त्यांना नमस्कार सांगितला, पाय उचलला, हेडफोन काढला. उठले. आणि काचेकडे बघितलं.

खाली स्टॉपवर गर्दी होती, पण बस मिळाली आणि खिडकीची जागाही. मी खिडकीशी, तो शेजारी. आमची ही पहिलीच खरीखुरी बस. अंगात इतका थकवा होता की हाडं वेगवेगळी मोजता आली असती. पण चांगला थकवा होता. प्रवास संपून घर जवळ आल्यावर येतो, तो.

"डावीकडे बघा," तो एकदम माझ्या सहलीच्या आवाजात म्हणाला.

"मला काही बघायचं नाहीये, राघोत्तम. डोळे उघडे राहत नाहीयेत."

"मग मीट. मी सांगतों."

मी डोळे मिटले आणि डोकं त्याच्या खांद्यावर टाकलं. तो क्षणभर ताठ झाला, मग सैल पडला.

"डावे बाजूस वेल्डिंगचें दुकान. ठिणग्या उडताहेत. मग इडलीची गाडी. एक माणूस चटणी आणखी मागतो आहे, ती अक्का देत नाहीं. आतां मंदिर. छोटें. बाहेर चपला पुष्कळ. मग... मग एक मोठी भिंत, त्यावर कांहीं नाहीं."

"सुंदर," मी पुटपुटले. किती दिवसांनी तो शब्द खरा वाटला.

"देविका?"

"हं."

"आमचें गाव तिकडलें कुठलें, कुणास ठाऊक नाहीं. अप्पा म्हणायचे, कृष्णेच्या कांठचें. साडेतीनशें वर्षांत आमच्यांतलें कुणी परत गेलें नाहीं. मी आलों दिवाळींत, अम्माला घेऊन... तर चालेल?"

मी डोळे उघडले. त्याचा चष्मा घसरला होता. मी तो बोटानं वर सरकवला.

"पुण्याहून बस घ्या," मी म्हणाले. "डावीकडची खिडकी धर, अम्मांना तिथं बसव. शेवटी कोयनेचा पूल येईल. तो आला की डावीकडे बघायचं. त्या अंगाला थोडं पुढं कोयना आणि कृष्णा समोरासमोरून येऊन एकमेकींना मिळतात. त्या जागेला प्रीतिसंगम म्हणतात. खरंच म्हणतात, मी ठेवलेलं नाव नाहीये!"

तो हसला. यावेळी अजिबात उशीर न करता.

"आणि मग तूं परत येशील? माझ्यासंगें?"

"हो म्हटलं ना बसभर माणसांसमोर. आता झोपू दे."

"सेरि," तो म्हणाला.

अण्णा नगर येईपर्यंत तो हळू आवाजात सांगत होता, डावीकडे काय, डावीकडे काय. मी ऐकत होते. कुणीतरी पुढं जाऊन, सगळं बघून, मला सांगत होतं, आणि मला काहीच बोलायचं नव्हतं.